वाटेचा तंटा आणि महाडचा निकाल

महाड व पोलादपूर तालुक्यांत वाटेचे तंटे कांहीं नवे नाहींत. डोंगरउतारावरील भातखाचरांच्या या मुलखांत दुसऱ्याच्या बांधावर पाऊल टाकल्यावांचून स्वतःच्या खाचरापर्यंत पोहोंचणें कठीण. आणि ज्या बांधावरून दोघां भावांनीं नांगर नेले, त्याच बांधावर वाटणीनंतर एकाचा मुलगा काट्यांची वई घालतो. मग एक म्हणतो, ‘वडिलोपार्जित वहिवाट आहे’. दुसरा म्हणतो, ‘इकडून कधीं कोणी गेलेंच नाहीं’. आमच्या मतें हा वाद मागाहूनचा. जागा कोणाची, हा प्रश्न आधींचा. आणि या म्हणण्यास खुद्द महाडांतील एका दाव्याचा आधार आहे.

चवदार तळ्याची हकीकत वाचकांस ठाऊक आहे. पण तिचा कोर्टांतील भाग फार थोड्यांनीं वाचला असेल. मुंबई कायदेमंडळाच्या 1923 च्या ठरावास अनुसरून महाड नगरपालिकेनें 1924 मध्यें तळें सर्वांस खुलें केलें. 20 मार्च 1927 रोजीं डॉ. आंबेडकरांच्या नेतृत्वाखालीं अस्पृश्य मानलेल्या बांधवांनीं तेथें पाणी घेतलें, आणि 4 ऑगस्ट रोजीं त्याच नगरपालिकेनें आपला ठराव फिरविला! डिसेंबरांत कांहीं सवर्ण गृहस्थांनीं दावा लावून तात्पुरता मनाईहुकूम मिळविला. दुसऱ्या परिषदेस हजारों लोक जमले असतां, तो हुकूम मानून तळ्यावर जाणें तहकूब ठेवण्यांत आलें. ही गोष्ट आम्हांस मार्चमधील त्या पावलाइतकीच मोठी वाटते.

वादींचें म्हणणें असें कीं, तळें आमचें, आणि अस्पृश्यांस तें वर्ज्य असण्याची रूढी अनादि. तळें चार-पांच एकरांचें. भोंवतीं नगरपालिकेचे रस्ते, रस्त्यांपलीकडे बहुतेक सवर्णांचीं घरें, आणि कांठचे कित्येक घाट त्या घरवाल्यांच्या मालकीचे. घाट आपला म्हणून पाणीही आपलें, हा हिशेब कोर्टांत टिकला नाहीं. तळें नगरपालिकेचें ठरलें, आणि रूढी शाबीत करण्याचा सारा भार वादींवर राहिला. 1931 सालीं महाडास, 1933 सालीं ठाण्यास, आणि 17 मार्च 1937 रोजीं मुंबई हायकोर्टांत न्या. ब्रूमफील्ड व न्या. वाडिया यांच्यापुढें वादी हरले. पूर्वीं कोणी आला नाहीं, एवढ्यावरून त्यास रोखण्याचा हक्क उत्पन्न होत नाहीं, असा या निकालाचा अर्थ आम्ही घेतों. निवाड्यास मात्र सव्वानऊ वर्षें लागलीं.

हीच कसोटी शेतवाटेस लावावी. प्रथम गांवनकाशा पाहावा; त्यांत दुहेरी तुटक रेषेचा गाडीमार्ग किंवा एकेरी तुटक रेषेची पायवाट असेल, तर म्हाताऱ्यांच्या साक्षींवर दिवस घालविण्याचें कारण बहुधा उरत नाहीं. वाट खाजगी जमिनींतून असेल तर गोष्ट फिरते. सुविधाधिकाराच्या 1882 च्या कायद्यान्वयें ती उघडपणें, शांततेनें, हक्क म्हणून आणि अखंड वीस वर्षें वापरलेली असावी लागते. परवानगी मागून जाणारा हक्क कमावीत नाहीं. आणि वाट अडविल्यावर दोन वर्षें उलटूं देऊन मग दावा लावणाऱ्याचीं तीं वीस वर्षें वायां जातात. येथें गप्प बसणें महाग पडतें.

तें पक्षकारास कोणी वेळेवर सांगत नाहीं; आमच्या व्यवसायबंधूंस दीर्घ दाव्याचा कंटाळा नसतो, हेंही त्याचें एक कारण असावें. वहिवाटीची शेतवाट कोणीं अडविली, तर 1906 च्या मामलेदार कोर्ट कायद्यान्वयें तहसीलदाराकडे जातां येतें, पण सहा महिन्यांच्या आंत. वाट मुळींच नसेल, तर 1966 च्या जमीन महसूल संहितेचें कलम 143 आहे: शेजाऱ्याच्या हद्दीवरून वाट द्यावी कीं नाहीं, हें तहसीलदार शेतकऱ्याची गरज पाहून ठरवितो. निर्णय न पटल्यास एक वर्षाच्या आंत दिवाणी दावा लावण्याची मोकळीक आहेच. वई घातली गेली त्या दिवसाची तारीख तेवढी कागदावर लिहून ठेवावी; वाट अडविल्याबद्दलची मुदत तेथूनच मोजली जाते.