माझी आई वॉचमन आहे

हिंजवडीजवळच्या एका शाळेत मी पाचवीच्या वर्गाला शिकवते. गेल्या वर्षी इंग्रजीच्या तासाला मुलांना आपल्या घरच्यांविषयी पाच वाक्ये लिहायला सांगितली होती. एका मुलीने लिहिले, ‘माय मदर इज अ वॉचमन.’ तिने ते उभे राहून वाचले आणि सारा वर्ग हसला. एक मुलगा म्हणाला, “बाई कधी वॉचमन असते का?” मीही हसले. तिच्या वहीत ‘मॅन’ या अक्षरांखाली लाल रेघ ओढली, अर्धा गुण कापला आणि पुढच्या वाक्याकडे वळले.

दुसऱ्या दिवशी सकाळी शाळा भरताना तिची आई फाटकाशी उभी होती. रात्रपाळी करून थेट आली होती. अंगावर सिक्युरिटीचा युनिफॉर्म, डोक्यावर रुमाल घट्ट बांधलेला. हे कुटुंब लातूरकडचे. आधी पती इकडे आला, मग पत्नी. आयटी पार्कमधल्या एका इमारतीच्या गेटवर ती काम करते. म्हणाली, “आपा, अर्ध्या मार्काचं काही नाही. पण पोरगी रात्री विचारत होती, अम्मी, तू पुरुषाचं काम करतेस का? मी तिला काय सांगू?”

तिने गळ्यातले ओळखपत्र दाखवले. त्यावर ‘सिक्युरिटी गार्ड’ असे छापलेले होते. कंपनीला जो शब्द सुचला होता, तो मला, बी. एड. झालेल्या शिक्षिकेला, सुचला नव्हता. मी चूक दाखवली होती, पण बरोबर शब्द दिला नव्हता. त्या दिवसापासून मी शब्दांकडे वेगळ्या नजरेने पाहू लागले.

इंग्रजीत काय बदलले?

आपल्यापैकी अनेकांनी शाळेत ‘चेंज द जेंडर’ हा प्रश्न सोडवला आहे. ॲक्टर-ॲक्ट्रेस, पोएट-पोएटेस, हेडमास्टर-हेडमिस्ट्रेस अशा जोड्या आपण पाठ केल्या. आज इंग्रजीत यातल्या अनेक जोड्या मोडीत निघत आहेत. चेअरमनऐवजी चेअरपर्सन, फायरमनऐवजी फायरफायटर, पोलीसमनऐवजी पोलीस ऑफिसर, हेडमास्टरऐवजी हेड टीचर, एअर होस्टेसऐवजी केबिन क्रू, मॅनपॉवरऐवजी वर्कफोर्स, असे शब्द रुळले आहेत. हिंजवडीच्या कंपन्यांत आपली मुले-मुली रोज जे ई-मेल लिहितात, त्यांतही ‘डिअर सर’ जाऊन ‘डिअर टीम’ येऊ लागले आहे. स्त्री की पुरुष हे ठाऊक नसेल, किंवा ते सांगण्याची गरज नसेल, तेव्हा एकाच व्यक्तीसाठी ‘दे’ हे सर्वनाम वापरतात. मेरियम-वेब्स्टर या कोशाने २०१९ साली वर्षाचा शब्द म्हणून ‘दे’चीच निवड केली होती.

सर्वांना कळेल असे उदाहरण क्रिकेटचे. क्रिकेटचे नियम ठरवणाऱ्या लंडनच्या एमसीसीने सप्टेंबर २०२१ मध्ये नियमांच्या पुस्तकातून ‘बॅट्समन’ हा शब्द काढून ‘बॅटर’ हा शब्द घातला. तेव्हा अनेकांनी नाके मुरडली. पण २ नोव्हेंबर २०२५ च्या रात्री नवी मुंबईच्या डी. वाय. पाटील स्टेडियममध्ये आपल्या मुलींनी विश्वचषक उचलला, तेव्हा सांगलीत वाढलेल्या स्मृती मानधनाला ‘बॅट्समन’ म्हणावे असे कुणाला वाटले असेल काय?

आपल्या सर्वोच्च न्यायालयानेही यात लक्ष घातले. ऑगस्ट २०२३ मध्ये, धनंजय चंद्रचूड सरन्यायाधीश असताना, न्यायालयाने न्यायाधीश आणि वकिलांसाठी एक पुस्तिका काढली. ‘हाउसवाइफ’ऐवजी ‘होममेकर’ लिहा, ‘ईव्ह टीझिंग’ऐवजी रस्त्यावरचा लैंगिक छळ असे स्पष्ट लिहा, अशा सूचना त्यात आहेत. छेडछाड म्हटले की ती गंमत वाटते. छळ म्हटले की गुन्हा दिसतो. एका शब्दाने एवढा फरक पडतो.

मराठीच्या घरात आधीपासूनच आहे

मग मी मराठीकडे वळले, आणि मला आश्चर्याचा धक्का बसला. इंग्रजीने ज्यासाठी एवढी खटपट केली, तो शब्द मराठीत कधीचाच होता. बॅट्समनला आपण ‘फलंदाज’ म्हणतो. फलंदाज बाद झाला, फलंदाज बाद झाली. शब्द तोच राहतो, फक्त क्रियापद बदलते.

हे कसे झाले? ‘गोलंदाज’ हा मूळ फारसी वळणाचा शब्द. तोफेचे गोळे डागणारा तो गोलंदाज. त्याच्याच चालीवर क्रिकेटसाठी ‘फलंदाज’ घडला. आणि फारसी भाषेच्या व्याकरणात स्त्रीलिंग-पुल्लिंग हा भेदच नाही. तो आणि ती, दोघांसाठी एकच सर्वनाम आहे. त्या भाषेतून आलेले ‘दार’, ‘गार’, ‘अंदाज’ हे प्रत्यय मराठीने असे आपलेसे केले की आज ते परके वाटतही नाहीत. तहसीलदार, हवालदार, भागीदार, दुकानदार, जोडीदार, कामगार. ‘मतदार’ हा शब्द पाहा. त्यातला ‘मत’ संस्कृत आणि ‘दार’ फारसी. ‘मतदारीण’ असे कुणी म्हणत नाही, कारण मतदानाच्या रांगेत स्त्री आणि पुरुष सारखेच असतात. मराठी आणि उर्दू या दोन्ही भाषांवर प्रेम करणाऱ्या आपल्या घरांना याचा अभिमान वाटायला हवा.

उलट, ‘ईण’ हा मराठी प्रत्यय पाहा. पाटलाची पत्नी पाटलीण, सुभेदाराची सुभेदारीण, मास्तरांची मास्तरीण. पद पतीचे, तिला मिळाला तो फक्त प्रत्यय. म्हणून ‘डॉक्टरीणबाई’ म्हटले की त्या स्वतः डॉक्टर आहेत की डॉक्टरांच्या पत्नी, हे विचारावे लागते. त्यापेक्षा ‘डॉक्टर आल्या’, ‘सरपंच बोलल्या’, ‘अध्यक्ष निघाल्या’ हे किती सोपे! स्त्री आहे हे क्रियापद सांगते. पदाच्या नावाला शेपूट लावावे लागत नाही.

मराठीत सगळेच आलबेल आहे असे मात्र नाही. २००७ साली आपल्या जळगाव जिल्ह्यातल्या प्रतिभाताई पाटील देशाच्या सर्वोच्च पदावर निवडून आल्या, तेव्हा त्यांना ‘राष्ट्रपती’ कसे म्हणायचे यावर चर्चा रंगली होती. ‘पती’ म्हणजे स्वामी, प्रमुख. पण आपल्या कानाला त्यात नवराच ऐकू येतो. अखेर शब्द तोच राहिला. आज द्रौपदी मुर्मू यांना राष्ट्रपती म्हणताना कुणी अडखळत नाही. वापराने शब्दाचे दार उघडते, ते असे.

‘गृहस्थ’ आणि ‘गृहिणी’ हे दोन्ही शब्द घरावरूनच आले. पण गृहस्थ म्हणजे समाजातला भला माणूस, आणि गृहिणी म्हणजे घरात काम करणारी बाई. प्रवेशाचे अर्ज भरून घेताना मी दरवर्षी पाहते. आईचा व्यवसाय विचारला की कित्येक वडील सहज सांगून जातात, “ती काही करत नाही.” शेजारी ती आई उभी असते. पहाटे पाचला उठून तिने सगळ्यांचे डबे भरलेले असतात. मला वाटते, बदलायचा सर्वांत पहिला शब्द हाच: ‘काही नाही’.

हजरत उम्मे सलमा (रजि.) यांचे दोन प्रसंग

काही वाचक म्हणतील, ही सारी पाश्चात्त्यांची खुळे आहेत; भाषेत पुल्लिंगी शब्दात स्त्रिया आल्याच की! कायदाही तसेच म्हणतो. आपल्या देशाच्या १८९७ च्या जनरल क्लॉजेस कायद्यातले तेरावे कलम सांगते की पुल्लिंगी शब्दांत स्त्रियांचाही समावेश धरावा.

पण आपल्याच इतिहासात पाहू या. हदीसच्या ग्रंथांत उम्मुल मोमिनीन हजरत उम्मे सलमा (रजि.) यांचे दोन प्रसंग नोंदले आहेत. एकदा दासी त्यांचे केस विंचरत होती. इतक्यात प्रेषित मुहम्मद (स.) यांनी मशिदीत लोकांना हाक मारल्याचे त्यांच्या कानी आले. त्यांनी दासीला बाजूला व्हायला सांगितले. दासीला वाटले, ही हाक तर पुरुषांना आहे. त्यावर उम्मे सलमा (रजि.) यांनी तिला समजावले की हाक लोकांना आहे, आणि मीही लोकांपैकीच आहे. शब्द सर्वांचा असेल तर त्यात आपली जागा आहे हे ओळखून त्या उठल्या.

दुसऱ्या प्रसंगी त्यांनी प्रेषितांना (स.) विचारले की कुरआनात पुरुषांचा उल्लेख होतो तसा आम्हा स्त्रियांचा का होत नाही? या प्रश्नानंतर सूरह अहजाबची ३५ वी आयत अवतरली, असे सांगितले जाते. त्या आयतीत दहा गुण आहेत. ईमान, सत्य, सबर, दानधर्म, रोजा असा एकेक गुण घेऊन प्रत्येक वेळी पुरुष आणि स्त्रिया, दोघांचा वेगवेगळा उल्लेख आहे, आणि दोघांनाही एकाच मोबदल्याचे वचन आहे. अरबी व्याकरणाप्रमाणे पुल्लिंगी अनेकवचनात स्त्रिया येतातच. तरीही त्यांचा उल्लेख वेगळा झाला.

मला यातून दोन मार्ग दिसतात. जिथे शब्द सर्वांचा आहे, तिथे स्त्रीने निःसंकोच आपली जागा घ्यावी. आणि जिथे ती दिसेनाशी होते, तिथे तिचे नाव घ्यावे. महाराष्ट्र सरकारने १ मे २०२४ पासून जन्मलेल्या मुलांच्या नावात वडिलांच्या आधी आईचे नाव लावण्याचा निर्णय घेतला, तो या दुसऱ्या मार्गाचाच.

नुसता शब्द बदलून भागत नाही

‘सरपंच’ हा शब्द दोघांचाही आहे. महाराष्ट्रात पंचायतींमध्ये स्त्रियांना निम्म्या जागाही मिळाल्या. पण कित्येक गावांत खुर्चीवर ‘सरपंचपती’ बसतात आणि सरपंच सह्या करते. शब्दाचे दार उघडे आहे, आत मात्र दुसराच बसला आहे.

एप्रिल २०२३ मध्ये राज्याच्या महिला व बालविकास मंत्र्यांनी ‘विधवा’ऐवजी ‘गंगा भागीरथी’ हा शब्द वापरण्याचा विचार मांडला, तेव्हा स्त्रियांच्या संघटनांनी विरोध केला. नाव कितीही पवित्र असले, तरी शिक्का तोच राहणार होता. त्याच्या आदल्या वर्षी, मे २०२२ मध्ये, कोल्हापूर जिल्ह्यातल्या हेरवाड ग्रामपंचायतीने शब्दाला हात न लावता बांगड्या फोडणे, कुंकू पुसणे या प्रथाच बंद करण्याचा ठराव केला. खरा बदल तो होता.

शब्द आणि व्यवहार हातात हात घालून चालले तर काय होते, हेही पाहा. हिंजवडीच्या सोसायट्यांत सकाळी सातपासून बायकांची रांग लागते. त्यांना आपण ‘मोलकरीण’ म्हणायचो. राज्याच्या २००८ च्या कायद्याने त्यांना ‘घरेलू कामगार’ म्हटले आणि त्यांच्यासाठी कल्याण मंडळाची तरतूद केली. कामगार म्हटले की मजुरी, रजा, हक्क यांची भाषा सुरू होते.

आपल्या घरापासून

दुसऱ्यांना सांगण्याआधी मी माझ्या माहेरी पाहिले. गेल्या हिवाळ्यात माझ्या भाचीचे लग्न होते. उर्दू पत्रिकेचा मसुदा आला. मुलाचे नाव ठळक, त्याची डिग्रीही छापलेली. मुलीच्या जागी मात्र रिवाजाप्रमाणे ‘दुख्तर-ए-नेक-अख्तर’, म्हणजे भाग्यवान कन्या, एवढेच. मी भावाला फोन केला. “भाईजान, निकाहनाम्यात तिचं नाव लिहिल्याशिवाय निकाह होतो का?” तो म्हणाला, “नाही.” “मग पत्रिकेतून का गाळायचं?” तो थोडा वेळ गप्प राहिला. मग म्हणाला, “अब्बांना मी विचारतो.” अब्बा कुरकुरले, त्यांच्या काळात असे नव्हते म्हणाले. पण शेवटी पत्रिकेवर भाचीचे नाव आले. तिने ती पत्रिका अजून कपाटाच्या आतल्या बाजूला चिकटवून ठेवली आहे.

असे छोटे बदल आपण प्रत्येक घरात करू शकतो. पत्नीची ओळख ‘घर में से’ अशी न देता तिचे नाव घेऊ शकतो. उर्दूत ‘शरीके-हयात’ हा किती सुंदर शब्द आहे. तो पतीलाही लागतो आणि पत्नीलाही. आयटीआयचे कोर्स आजही ‘वायरमन’, ‘ड्राफ्ट्समन’ या नावांनी ओळखले जातात. ते नाव वाचून आपली मुलगी मागे सरली, तर हा कोर्स तुझाही आहे, असे तिला सांगू शकतो. पुण्याच्या बालभारतीने २०१९ मध्ये दुसरीच्या पुस्तकात स्त्री-पुरुष मिळून भाजी निवडताना दाखवले. ते चित्र मुलांना फक्त पुस्तकातच दिसू नये. प्रेषित (स.) घरी असताना घरकामात हातभार लावत, हे हजरत आयशा (रजि.) यांनी सांगितलेले आपण सर्वांनी ऐकले आहेच.

त्या मुलीचा अर्धा गुण मी परत दिला. वर्गासमोर सांगितले की चूक तिची नव्हती, माझी होती. मी योग्य शब्द शिकवला नव्हता. मग फळ्यावर ‘सिक्युरिटी गार्ड’ लिहिले आणि विचारले, हे काम कोण करू शकते? ज्या मुलाने आधी प्रश्न विचारला होता, तोच म्हणाला, “टीचर, ज्याला रात्री झोप येत नाही तो.” पुन्हा सारा वर्ग हसला. या वेळी ती मुलगीही हसली. “माझ्या अम्मीला झोप येते,” ती म्हणाली, “पण ती झोपत नाही.”