लाईटीचा दिवस

पंचांगाचा दिवस सूर्योदयाला सुरू होतो, सरकारचा मध्यरात्री. आमचा तीन फेज आली की सुरू होतो. या आठवड्यात पहूर शिवारातल्या आमच्या फीडरला रात्रपाळी आहे, बारा ते आठ. म्हणून आमचं आणि सरकारचं सध्या जुळलंय. आज शेवटची रात्र, उद्यापासून पुन्हा बिनसणार.

रात्री १२.०४. फोन वाजतो. मोबाईल स्टार्टरमधली बाई सांगते, वीज आली. तिचा आवाज भर दुपारी बोलल्यासारखा टवटवीत. केळीचं काम असतं तर गोधडीतूनच बटण दाबलं असतं, कारण केळीला ठिबक आहे. ठिबकाचं नाव दूरदूर नेणारे भवरलाल जैन इथून जवळच्याच वाकोदचे. पण आज पाळी गव्हाची. कपाशी उपटून उशिरा पेरलेला गहू, त्याला साऱ्यांतूनच पाणी. एक सारा भरला की मातीचा बांध फोडून पाणी पुढच्यात वळवायचं. त्याला फावडं लागतं आणि फावड्यामागे माणूस.

१२.३०. विहिरीवर पोचतो. ऑटो मी काढून ठेवलाय. ऑटो म्हणजे लाईट आल्याबरोबर मोटार आपोआप सुरू करणारी पेटी. सोय मोठी, पण चालू होताना मोटार नेहमीच्या पाच-सहा पट करंट ओढते. डीपीवरच्या, म्हणजे शिवारातल्या ट्रान्सफॉर्मरवरच्या, सगळ्या मोटारी एकाच क्षणी उठल्या तर डीपी जळते, आणि मग आठ तासांऐवजी आठ दिवस अंधार. म्हणून आमच्या डीपीवर एक न लिहिलेला करार आहे.

“नाना, चालू केली का?”

“केली रे भाऊ. तू दहा मिनिटं दम धर.”

बांधापलीकडे नानांची बॅटरी दिसते, नाना दिसत नाहीत.

२.००. थंडी गुडघ्यापर्यंत ओली. गहू पेरून आज विसावा दिवस. अठरा ते एकवीस दिवसांच्या दरम्यान गव्हाला मुकुटमुळं फुटतात, तेव्हाचं पाणी चुकलं तर फुटवे कमी, पुढे ओंब्या कमी. ते नंतर दुप्पट पाणी देऊन भरून निघत नाही. गव्हाचं घड्याळ वाकत नाही. म्हणजे वाकायचं कोणी, हा प्रश्न उरत नाही.

रात्रीच का, हे मात्र मला समजतं, आणि समजल्यामुळे राग नीट येत नाही. एवढी वीज कोठीत भरून ठेवता येत नाही. जितकी लागते तितकीच त्या क्षणी तयार व्हावी लागते, नाहीतर ५० हर्ट्झचा ताल बिघडतो. कारखाने, दुकानं, कचेऱ्या दिवसा जाग्या असतात, त्यांना मध्यरात्री या म्हणता येत नाही. शेतपंपाला येतं. आमच्याच जिल्ह्यात दीपनगरला औष्णिक वीज केंद्र आहे. तिथेही माणसं पाळीतच काम करतात, पण त्यांची पाळी आठ तासांनी संपते आणि मागून दुसरा येतो. माझ्या मागून मीच येतो.

३.४०. मोटारीचा आवाज घोगरा झाला. व्होल्टेज पडलं. अशा वेळी मोटार जास्त करंट ओढते, तापते आणि वाईंडिंग जातं. बंद केली. विहिरीच्या कठड्यावर पन्नास मिनिटं बसून राहिलो. ही पन्नास मिनिटं शेवटी जोडून मिळत नाहीत.

५.३०. नानांनी काटक्या पेटवून चहा टाकला. बोलता बोलता पीजेचा विषय निघाला. पाचोरा–जामनेर छोटी गाडी, पहूर तिच्या वाटेवरचं ठेसन. नाना शेतातून तिच्या शिट्टीवर वेळ ओळखायचे. ती २०२० साली थांबली ती थांबलीच, आता मार्ग रुंद होणार म्हणतात. “गाडी उशिरा यायची, पण तिचा उशीर ठरलेला होता,” नाना म्हणाले.

८.००. लाईट गेली. येताना चार मिनिटं उशीर, जाताना कधीच नाही. नऊ सारे कोरडे राहिले.

९.०० ते १. झोप. उजेडात झोपणाऱ्या माणसाकडे पाव्हणे ज्या नजरेनं बघतात ती मी पाठीवर ओळखतो. जागा झालो तेव्हा सूर्य नुकताच डोक्यावरून सरकला होता. भारताचं घड्याळ साडेब्याऐंशी रेखांशावर लावलंय आणि पहूर आहे साडेपंचाहत्तरच्या थोडं पुढे, त्यामुळे आमचा सूर्य वर्षाच्या सरासरीनं सत्तावीस मिनिटं मागे, एका घटकेहून थोडा जास्त. म्हणजे वेळ वाकवायची पद्धत तशी जुनीच. कळण्याची भाकरी आणि ठेचा. हिला न्याहारी म्हणायचं की जेवण, यावर घरात वाद.

४.००. केळीत ठिबकाच्या नळ्या तपासल्या, दोन उंदरांनी कुरतडलेल्या. वाघूर नदीकडून एक ओळखीचे शेतकरी आले. त्यांच्याकडे आता सौर पंप. पंप सूर्याबरोबर उठतो, सूर्याबरोबर बसतो. फीडरच सौर ऊर्जेवर चालवायची योजना २०१७ मध्ये आली, २०२३ मध्ये तिची दुसरी आवृत्ती. आमच्या फीडरपर्यंत ती पोचायची आहे. बिलाचं म्हणाल तर साडेसात अश्वशक्तीपर्यंतच्या पंपांना २०२४ पासून वीज मोफत. “फुकट आहे ना, मग?” ते हसले. फुकट आहे. बारा वाजता आहे.

७.३०. गटावर निरोप आला, उद्यापासून दिवसपाळी. घरात पोरांनी टाळ्या वाजवल्या. उरलेले नऊ सारे उन्हात भरायचे, चप्पल घालून, साप बघून. साडेआठलाच अंथरूण धरलं.

११.४५. जाग आली. फोन गप्प, कोणी बोलावलेलं नाही. कूस बदलून पाहिली, मग उठून ओट्यावर आलो. समोर नानांच्या ओट्यावर अंधारात विडीचा ठिपका.

“नाना?”

“झोप रे भाऊ,” नाना म्हणाले, आणि सरकून बसायला जागा केली.