भेट पोहोचलीच नाही, पैसे मात्र गेले!

भीमजयंती, बुद्धपौर्णिमा, अशोक विजयादशमी हे आपल्या घराघरांतले आनंदाचे दिवस. या दिवशी लेकराबाळांना नवे कपडे, वह्या-पुस्तके किंवा एखादी हौसेची वस्तू घेऊन द्यावी, ही आपली रीत. पूर्वी अशी भेट पिशवीत घालून घरी नेता येत असे. आता दहावी पास झालेला भाचा मामाकडे जी भेट मागतो ती डोळ्यांना दिसत नाही आणि हातात धरता येत नाही. ती असते संगणकावर खेळायची गेम. ती दुकानातून आणायची नसते, इंटरनेटवरच विकत घ्यायची आणि इंटरनेटवरूनच पाठवायची असते.

मामा दुबईला नाहीतर पुण्याच्या कारखान्यात, भाचा उल्हासनगरला. मामा फोनवरून पैसे भरतो, बँकेचा संदेश येतो, पण भाच्याकडे काहीच पोहोचत नाही. मग सुरू होते धावपळ. कोणी म्हणतो पैसे बुडाले, कोणी म्हणतो पुन्हा भरून पाहा. एका चांगल्या गेमची किंमत हजार-दोन हजारांच्या पुढे सहज जाते. ज्या घरात महिन्याचे रेशन मोजून-मापून आणतात, त्या घराला ही रक्कम लहान नाही. म्हणून या व्यवहारात कुठे काय अडते आणि अडल्यावर काय करायचे, हे घरातल्या एका तरी मोठ्या माणसाला नीट ठाऊक असले पाहिजे.

आपण नेमके काय विकत घेतो?

सगळा घोळ या एका प्रश्नात आहे. चेंडू विकत घेतला की तो आपला होतो, कोणालाही देता येतो. गेमचे तसे नाही. आपण पैसे भरतो ते ती गेम खेळण्याच्या परवान्याचे. हा परवाना एका ठरावीक खात्याला बांधलेला असतो. ते खाते ज्या देशाचे त्या देशाचे नियम त्याला लागू होतात. संगणकावरच्या गेमचे ‘स्टीम’ हे जगातले सर्वात मोठे दुकान. तिथे २०२४ पासून पैसे भरण्याच्या वेळीच अशा परवान्याची सूचना दिसते. एकदा हे ध्यानात आले की पुढच्या बहुतेक अडचणींचे कारण आपोआप उलगडते.

म्हणून पैसे भरण्याआधी मुलाला चार प्रश्न विचारावेत. गेम कशावर खेळणार : मोबाईलवर, संगणकावर की टीव्हीला जोडायच्या यंत्रावर? खाते कोणत्या दुकानात आहे आणि ते कोणत्या देशाचे आहे? ही गेम आधीपासून खात्यात नाही ना? आणि आपला संगणक ती पेलेल का? गेमच्या पानावर संगणक कसा हवा आणि जागा किती लागते हे लिहिलेले असते. मोठ्या गेम पन्नास-शंभर जीबीच्या असतात. रोजच्या दीड-दोन जीबीच्या रिचार्जवर त्या उतरवायला महिना-दोन महिने लागतील. भेट आली पण खेळता आली नाही, तर मुलाचा हिरमोड होतो आणि देणाऱ्यालाही वाईट वाटते.

अडचण पहिली : भाच्याचे नाव यादीत दिसत नाही

स्टीमवर भेट पाठवायची तर देणारा आणि घेणारा एकमेकांच्या मित्रयादीत असावे लागतात. नव्याने खाते उघडलेल्या मुलाला मैत्रीचे निमंत्रण पाठवता येत नाही, कारण ज्या खात्यातून निदान पाच डॉलरइतकी खरेदी झालेली नाही, त्याच्यावर बंधने असतात. अशा वेळी मामानेच निमंत्रण पाठवावे, मुलाला ते स्वीकारता येते.

निमंत्रण पाठवताना नाव टाकून शोधू नये. एकाच नावाची आणि एकाच चित्राची अनेक खाती असतात, काही तर फसवण्यासाठीच काढलेली असतात. प्रत्येक खात्याला एक मित्रक्रमांक असतो. मुलाला फोन करून तो अंक विचारून घ्यावा आणि तोच टाकावा.

नाव दिसते पण निवडता येत नाही, असेही होते. बहुधा ती गेम मुलाकडे आधीच असते, किंवा दोघांची खाती वेगवेगळ्या देशांची असतात.

अडचण दुसरी : पैसेच भरले जात नाहीत

बँकेचे कार्ड नवे असेल तर त्यावर ऑनलाईन व्यवहार बंद असण्याची शक्यता मोठी. रिझर्व्ह बँकेच्या २०२० च्या नियमाप्रमाणे नवे कार्ड येते तेव्हा ते देशातल्या एटीएमवर आणि दुकानातल्या यंत्रावरच चालते. ऑनलाईन आणि परदेशी व्यवहार खातेदाराने स्वतः सुरू करायचे असतात. बँकेच्या ॲपमध्ये ती सोय असते. तिथेच खर्चाची मर्यादाही ठरवून ठेवावी आणि काम झाले की परदेशी व्यवहार पुन्हा बंद करावेत.

स्टीमवर भारतातल्या खात्याला २०१५ पासून रुपयांत किमती दिसतात आणि यूपीआयनेही पैसे भरता येतात. ज्यांच्याकडे कार्ड नाही त्यांना हा मार्ग सोपा.

अडचण तिसरी : पैसे गेले, भेट नाही

इथे घाबरून दुसऱ्यांदा पैसे भरू नयेत. दोनदा पैसे जातात ते याच घाईत. आधी आपल्या खात्यातला खरेदीचा इतिहास उघडून पाहावा. खरेदी तिथे नोंदलेली असेल तर पैसे दुकानाला मिळाले आहेत, आणि अडचण पोहोचण्याची आहे. भेट पाठवण्याची तारीख पुढची तर टाकली नाही ना, हे बघावे. मुलाला ईमेल तपासायला सांगावे, स्पॅमच्या कप्प्यातही बघायला सांगावे. भेट आपोआप खात्यात पडत नाही, ती मुलाने स्वीकारावी लागते. त्याने नाकारली तर पैसे देणाऱ्याला परत मिळतात.

इतिहासात खरेदीच नसेल आणि बँकेतून रक्कम मात्र वजा झाली असेल, तर व्यवहार मध्येच अडकला आहे. रिझर्व्ह बँकेच्या सप्टेंबर २०१९ च्या परिपत्रकाप्रमाणे, दुकानदाराला खात्री न पोहोचलेल्या अशा यूपीआय आणि कार्डाच्या व्यवहारातली रक्कम पाच दिवसांत परत यायला हवी. त्यानंतर उशीर झाला तर दर दिवसाला शंभर रुपये भरपाईची तरतूद आहे. यूपीआयचा संदर्भ क्रमांक, तारीख, वेळ आणि रक्कम वहीत लिहून ठेवावी, पडद्याचा फोटो काढावा आणि बँकेकडे लेखी तक्रार करून तिचा क्रमांक घ्यावा. तोंडी बोलणे हवेत विरते, कागद टिकतो.

अडचण चौथी : मामा परदेशात, भाचा इथे

एकाच गेमची किंमत वेगवेगळ्या देशांत वेगळी असते. काही गेम भारतात अमेरिकेपेक्षा कितीतरी स्वस्त असतात. स्वस्त देशात घेऊन महाग देशात पाठवण्याचा धंदा होऊ नये म्हणून, जिथे किमतींत मोठा फरक आहे अशा देशांमध्ये स्टीम भेट अडवते. यात आपली चूक नसते आणि पुन्हा पुन्हा प्रयत्न करूनही काही होत नाही.

मग मार्ग काय? गेमऐवजी स्टीमचे डिजिटल गिफ्ट कार्ड पाठवावे. ती रक्कम मुलाच्या खात्यातल्या पाकिटात त्याच्या देशाच्या चलनात जमा होते आणि गेम तो स्वतः घेतो. यासाठी दोघे निदान तीन दिवस मित्रयादीत असावे लागतात. म्हणजे वाढदिवसाच्या आदल्या रात्री जागे होऊन चालत नाही, आठवडाभर आधी तयारी करावी. त्याहून साधा मार्ग म्हणजे बहिणीच्या बँकखात्यात पैसे पाठवावेत आणि तिने मुलाला शेजारी बसवून गेम घ्यावी.

खात्याचा देश खोटा दाखवण्याच्या युक्त्या काही मुले सांगतात. त्या नियमाविरुद्ध आहेत, खाते अडकू शकते.

टीव्हीला जोडायच्या यंत्रांचेही नियम जाणून घ्यावेत. प्लेस्टेशनच्या दुकानातून एखादी ठरावीक गेम दुसऱ्याला भेट देता येत नाही, त्याचे गिफ्ट कार्ड द्यावे लागते आणि ते त्याच देशाच्या खात्यात चालते. एक्सबॉक्सची गेम भेट दिली तर पंचवीस अक्षर-अंकांचा कोड ईमेलने येतो, तोही खरेदी झाली त्याच देशात वापरता येतो. गुगल प्ले आणि ॲपलच्या कार्डांनाही देशाचे बंधन आहेच. दुबईत घेतलेले कार्ड मुंबईच्या खात्यात टाकून ते चालत नाही म्हणून कपाळाला हात लावण्यात अर्थ नाही.

अडचण पाचवी : चुकीची भेट गेली

स्टीमवर खरेदीपासून चौदा दिवसांच्या आत आणि दोन तासांपेक्षा कमी खेळलेली गेम परत करता येते. मुलाने भेट अजून स्वीकारली नसेल तर देणाऱ्याने परतीची मागणी करावी. स्वीकारली असेल तर मागणी मुलाच्या खात्यातून जावी लागते, पैसे मात्र ज्याने भरले त्यालाच मिळतात. म्हणून भेट आल्यावर पहिल्या दोन तासांतच गेम नीट चालते का ते बघावे.

दुकानाकडे परतीची मागणी न करता थेट बँकेत जाऊन ‘हा व्यवहार मला मान्य नाही’ असे सांगण्याची घाई करू नये. व्यवहार आपणच केलेला असताना असा वाद घातला तर स्टीमचे खातेच बंद होऊ शकते, आणि आधी घेतलेल्या गेमही अडकतात.

स्वस्तातला कोड आणि आपले शील

अनोळखी संकेतस्थळांवर आणि टेलिग्रामच्या गटांत दोन हजारांची गेम तीनशेला मिळते म्हणून जाहिराती असतात. असे कोड कित्येकदा दुसऱ्याच्या चोरलेल्या कार्डावर घेतलेले असतात. खऱ्या मालकाने तक्रार केली की कोड रद्द होतो आणि मुलाच्या खात्यातून गेम निघून जाते. विकणारा तोवर पसार झालेला असतो.

पण पैसे बुडतात एवढीच ही गोष्ट नाही. १४ ऑक्टोबर १९५६ रोजी नागपूरच्या दीक्षाभूमीवर बाबासाहेबांनी दिलेल्या बावीस प्रतिज्ञांमध्ये चोरी न करण्याची प्रतिज्ञा आहे. पंचशीलातले दुसरे शील न दिलेले घेऊ नये हेच सांगते. ज्या कामगाराचे कार्ड चोरीला गेले त्याच्या घामाचा पैसा आपल्या मुलाच्या भेटीत येता कामा नये. हे मुलाला सांगितले तर त्याला समजते, मुले आपण समजतो त्याहून शहाणी असतात.

याच जोडीला एक इशारा. ‘पैसे लावा, पैसे जिंका’ म्हणणारे खेळ हे गेम नव्हेत, तो जुगार आहे. सिगालोवाद सुत्तात भगवान बुद्धांनी संपत्तीच्या नाशाचे सहा मार्ग सांगितले, त्यांत जुगार आहे. ऑगस्ट २०२५ मध्ये संसदेने केलेल्या कायद्यानेही पैसे लावून खेळायच्या ऑनलाईन खेळांवर बंदी घातली आहे. मुलगा असा खेळ भेट म्हणून मागत असेल तर स्पष्ट नाही म्हणावे.

फोन आला तर

‘तुमची भेट अडकली आहे, सोडवण्यासाठी ओटीपी सांगा’, ‘परतीचे पैसे हवेत तर हा क्यूआर कोड स्कॅन करा’ असे फोन आणि संदेश येतात. लक्षात ठेवा, पैसे मिळवण्यासाठी यूपीआयचा पिन कधीच टाकावा लागत नाही. पिन टाकला की पैसे जातातच. स्टीमचे कर्मचारी चॅटवर स्वतःहून कोणाशी बोलत नाहीत. मुलाकडे खात्याचा पासवर्ड मागणारा ‘मित्र’ हा मित्र नसतो.

फसवणूक झालीच तर त्याच क्षणी १९३० या क्रमांकावर फोन करावा आणि बँकेला कळवावे. सायबरक्राईम डॉट गव्ह डॉट इन या सरकारी संकेतस्थळावरही तक्रार करता येते. पहिल्या काही तासांत तक्रार झाली तर पैसे वाटेत गोठवता येण्याची आशा असते. फसवणूक नसून दुकानदार दाद देत नसेल, तर ग्राहक हेल्पलाईनचा क्रमांक १९१५ आहे.

माता-भगिनींनो, बंधूंनो, आपल्याकडे फसलेला माणूस बोलत नाही. लोक अडाणी म्हणतील, पोरगा घाबरतो की बाप मारील. या लाजेवरच भामट्यांचे पोट भरते. मुलाने चुकून पैसे घालवले तर त्याच्यावर हात उचलू नका. तो आज खरे बोलला तर १९३० ला फोन वेळेत जाईल. मार खाल्ला तर पुढच्या वेळी लपवील. वस्तीत कोणाला हा व्यवहार नीट येत असेल तर एखाद्या रविवारी बुद्धविहारात वंदनेनंतर अर्धा तास सर्वांना शिकवावे. कार्डावर परदेशी व्यवहार कसे बंद करायचे, तक्रार कशी नोंदवायची, हे दोनदा करून दाखवले की आजीलाही येते.

आणि भेट देताना गेमवरचा वयाचा आकडा जरूर पाहावा. १६ किंवा १८ लिहिलेली गेम दहा वर्षांच्या मुलासाठी नसते. खेळाची वेळ आधीच ठरवून द्यावी, म्हणजे अभ्यासही होईल आणि खेळही. कष्टाच्या पैशाने दिलेली भेट लेकराच्या तोंडावर हसू आणो, डोळ्यांत पाणी नको.

जयभीम!