वेळूची बासरी आणि विजेची गिटार

आज एका बँडची गोष्ट सांगते. आपल्या लग्नातला बँड नव्हे, दक्षिण अमेरिकेतल्या चिली देशाचा, 'लोस हाइवास' नावाचा.

१९६३ साली विन्या देल मार गावात पारा घराण्यातले तीन भाऊ आणि त्यांचे दोन मित्र एकत्र आले. नाव ठेवले इंग्रजी, 'हाय बास'. पार्ट्यांत नाचाची गाणी वाजवायचे. पण काही वर्षांनी त्यांना वाटले, हे सगळे उसने आहे, आपले यात काय? मग त्यांनी अँडीज डोंगरातल्या लोकांची वाद्ये हाती घेतली. केना म्हणजे उभी धरून वाजवायची वेळूची बासरी. साम्पोन्या म्हणजे लहानमोठ्या नळ्या ओळीने बांधलेला पावा. चारांगो हे छोटे तंतुवाद्य. गिटार आणि ड्रम मात्र सोडले नाहीत. नावालाही स्पॅनिश वळण दिले. १९७२ मध्ये त्यांचे 'तोदोस हुन्तोस', म्हणजे 'सगळे मिळून', हे गाणे घरोघरी पोचले.

पुढच्याच वर्षी सप्टेंबरात लष्कराने सत्ता बळकावली. गरिबांच्या बाजूने गाणारे कलाकार हीच डोंगरी वाद्ये वाजवत, म्हणून राज्यकर्त्यांना ती खुपू लागली. बासरीचाही धाक वाटावा, असे ते दिवस! बँड आधी अर्जेंटिनात आणि १९७७ मध्ये फ्रान्सला गेला. परक्या मुलखात सगळे बायकामुलांसह एकत्र राहत. तिथेच १९८१ साली त्यांनी कवी पाब्लो नेरूदा यांच्या माचू पिचूवरच्या कवितेला संगीत दिले. पेरू देशातल्या त्या प्राचीन डोंगरी नगरीत जाऊन ते वाजवले आणि त्याचे चित्रीकरणही झाले.

१९८८ मध्ये ड्रम वाजवणारा धाकटा भाऊ गाब्रिएल अपघातात गेला. त्याच्या जागी कोण? बँड सुरू करणारे पाचही पुरुष. पण ड्रमवर बसली त्याची तरुण लेक, हुआनिता. २००३ मध्ये गायक गातो अल्किन्ता वारला, तेव्हा त्याचीही मुले बँडमध्ये उभी राहिली. त्यांतही एक मुलगी होती.

बापाची शेती मुलाकडे जाते, हे आपण धरूनच चालतो. बापाची कला लेकीकडेही जाते, आणि ती नुसती सांभाळत नाही, पुढे नेते.

तुमच्या घरात कुणाचे वाद्य, कुणाची ओवी आहे? ती लेकीला शिकवली का? गटाच्या पुढच्या बैठकीत एकमेकींना नक्की विचारा.