गोगलगाय नेमकी कुणाची कोण?

२०२२च्या खरिपात लातूर, बीड आणि धाराशिव जिल्ह्यांत सोयाबीन जमिनीवर डोकावलं आणि शंखी गोगलगायींनी कोवळी रोपं रातोरात फस्त केली. अनेक शेतकऱ्यांवर दुबार पेरणीची पाळी आली. नुकसानीच्या मदतीच्या कारणांत अतिवृष्टीबरोबर गोगलगायीचंही नाव आलं. तेव्हापासून लातूर-नांदेडच्या सोयाबीनच्या पट्ट्यात हा प्राणी घरोघरी माहीत झाला. त्याच्याविषयीची माहिती मात्र अजून बरीचशी ऐकीव आहे.

दुसरीकडे, गेल्या तीसेक वर्षांत शास्त्रज्ञांनी गोगलगायींची वंशावळ जवळजवळ नव्याने मांडली आहे. कोणती गोगलगाय कुणाच्या नात्यातली, याची जुनी उत्तरं बदलली. हा विषय फक्त ग्रंथालयातला नाही. प्राण्याचं नातं चुकीचं धरलं की उपायही चुकतो आणि त्याची किंमत शेतात मोजावी लागते. म्हणून नेहमी कानावर येणारे समज एकेक करून तपासू.

गैरसमज १ : गोगलगाय हा एक किडाच आहे; कीटकनाशक मारलं की मरते.

वस्तुस्थिती : पिकाला त्रास देते म्हणून तिला ‘कीड’ म्हणणं ठीक आहे, पण ती कीटक नाही. कीटक संधिपाद संघातले आहेत : सहा सांधेदार पाय आणि अंगावर कठीण कवच. गोगलगाय मृदुकाय संघातली. गोदावरीतले शिंपले, समुद्रातली माकुळं, ऑक्टोपस हे तिचे नातेवाईक. टोळ किंवा अळी तिच्या आसपासच्याही नात्यात येत नाही.

हा फरक थेट खिशाशी जोडलेला आहे. बहुतेक कीटकनाशकं कीटकांचं शरीर डोळ्यांपुढे ठेवून बनवलेली असतात. गोगलगायीच्या अंगावर चिकट स्रावाचा थर असतो आणि धोका जाणवला की ती शंखात शिरते. तिच्यासाठी वापरलं जाणारं मेटाल्डिहाइड निराळ्या तऱ्हेने काम करतं. ते तिच्या स्राव तयार करणाऱ्या पेशी बिघडवतं, अंगातलं पाणी निघून जातं आणि ती मरते. या गोळ्या कुत्र्यांना, गुराढोरांना आणि माणसांनाही विषारी आहेत. त्या बांधावर उघड्या टाकून निघून जाणं धोक्याचं आहे.

गैरसमज २ : ही आपल्याकडचीच गोगलगाय, पाऊस वाढला म्हणून तीही वाढली.

वस्तुस्थिती : सोयाबीन खाणारी ही मोठी, उभट, तपकिरी पट्ट्यांच्या शंखाची गोगलगाय मूळची पूर्व आफ्रिकेची आहे. १८४७ साली विल्यम बेन्सन या शंखशिंपल्यांच्या अभ्यासकाने मॉरिशसहून आणलेल्या काही गोगलगायी कलकत्त्यातल्या एका बागेत सोडल्या गेल्या. त्यानंतर रोपं, कुंड्या, माती आणि मालवाहतूक यांच्याबरोबर ती देशभर पसरली. पाऊस तिला अनुकूल असतो हे खरंच आहे. पण पाऊस इथल्या गोगलगायींवरही पडतो, आणि त्या अशी शेतं उजाड करत नाहीत. फरक वंशाचा आहे : ही जाती एका वेळी शंभराहून अधिक अंडी मातीत घालते आणि कोरड्या दिवसांत शंखाचं तोंड पातळ पडद्याने बंद करून महिनोन्महिने निपचित पडून राहते. म्हणून उन्हाळ्यात ती संपल्यासारखी वाटते आणि मृगाच्या सरीबरोबर पुन्हा दिसू लागते.

गैरसमज ३ : आधी अकॅटिना म्हणायचे, आता लिसाकॅटिना म्हणतात, म्हणजे दुसरीच जाती आली.

वस्तुस्थिती : प्राणी तोच आहे. १८२२ साली बोडिचने तिचं वर्णन ‘अकॅटिना फुलिका’ या नावाने केलं. १९५० साली जोसेफ बेकर्ट यांनी आफ्रिकेतल्या या गोगलगायींचा सविस्तर अभ्यास करून पूर्व आफ्रिकेतल्या काही जातींसाठी लिसाकॅटिना हा उपवंश वेगळा काढला. शंखाचे अगदी सुरुवातीचे वेढे, प्रजनन अवयवांची रचना आणि पुढे डीएनएचे पुरावे यांवरून हा गट पश्चिम आफ्रिकेतल्या खऱ्या अकॅटिनांपासून निराळा असल्याचं दिसलं आणि उपवंशाला वंशाचा दर्जा मिळाला. आज मान्य नाव आहे ‘लिसाकॅटिना फुलिका’. नियमाप्रमाणे ‘फुलिका’ हा जातीचा भाग कायम राहतो, त्याआधीचं वंशाचं नाव बदलतं. जुन्या पुस्तकातली किंवा पत्रकातली ‘अकॅटिना फुलिका’ आणि आजची ‘लिसाकॅटिना फुलिका’ एकच, हे कळलं तर जुनी माहितीही पूर्ण उपयोगाची ठरते.

या गोगलगायीच्या अकॅटिनिडी कुळात आणखी एक रंजक फेरबदल झाला. कुंडीतल्या मातीत सुईसारखी बारीक, जेमतेम सेंटिमीटरभर लांबीची, पिवळट रंगाची गोगलगाय अनेकांनी पाहिली असेल. ती अ‍ॅलोपियास ग्रॅसिली. १८३४ साली थॉमस हटन यांनी भारतातल्या जमिनीवरच्या शंखांचा अभ्यास करताना तिचं वर्णन केलं. ती बरीच वर्षं सब्युलिनिडी या स्वतंत्र कुळात होती. २०१७च्या वर्गीकरणात हे कुळ अकॅटिनिडीमध्ये विलीन झालं. म्हणजे कुंडीतली ही चिमुकली आणि सोयाबीन फस्त करणारी ती भली मोठी, दोघी आज एकाच कुळातल्या धरल्या जातात. नुसत्या आकारावरून नातं ठरवलं की काय चुकतं, याचं हे चांगलं उदाहरण आहे.

गैरसमज ४ : शंख असलेल्या गोगलगायी एका घराण्यातल्या, बिनशंखी दुसऱ्या.

वस्तुस्थिती : ‘बिनशंखी’ असं एक घराणं नाहीच. शंख बनवायला कॅल्शियम लागतं आणि तो वाहून नेणंही खर्चिक असतं. ओल्या जागी शंखावाचून भागतं, अरुंद फटींत शिरताही येतं. त्यामुळे वेगवेगळ्या शंखवाल्या पूर्वजांच्या वंशजांनी शंख वेगवेगळ्या वेळी, स्वतंत्रपणे गमावला. काहींचा शंख त्वचेखाली पातळ चकतीएवढा उरला आहे. काही प्राणी अर्धवट अवस्थेत आहेत : शंख आहे, पण त्यात अख्खं अंग मावत नाही.

पावसाळ्यात बागेत किंवा न्हाणीच्या मोरीजवळ काळसर, चपटी, चामड्यासारख्या पाठीची बिनशंखी गोगलगाय दिसते. ती लेव्हिकॉलिस या वंशातली. तिची पाठ पूर्णपणे प्रावाराच्या आवरणाने झाकलेली असते, फुप्फुस नसतं आणि ती त्वचेतून श्वास घेते. थंड प्रदेशात बागांचा फडशा पाडणाऱ्या बिनशंखी गोगलगायींशी तिचं नातं लांबचं आहे. आजच्या वर्गीकरणात ती सिस्टेलोमॅटोफोरा या गणात बसते, तर त्या आणि आपली शंखी गोगलगाय दोघीही स्टायलोमॅटोफोरा गणात. म्हणजे शंखी गोगलगायीला परदेशी बिनशंखी गोगलगाय जवळची आणि मोरीजवळची काळी गोगलगाय लांबची.

गैरसमज ५ : फुप्फुसाने श्वास घेणाऱ्या सगळ्या गोगलगायी एका गटातल्या.

वस्तुस्थिती : महाविद्यालयात प्राणिशास्त्र शिकलेल्यांना हे तीन गट आठवतील : प्रोसोब्रँकिया, ओपिस्थोब्रँकिया आणि पल्मोनाटा. हृदयाच्या पुढे कल्ला असलेल्या पहिल्या, मागे कल्ला असलेल्या दुसऱ्या आणि फुप्फुस असलेल्या तिसऱ्या. जर्मन शास्त्रज्ञ योहानेस थीले यांनी १९२९ ते १९३५ या काळात ही मांडणी पक्की केली आणि पुढची पन्नास-साठ वर्षं जगभरची पाठ्यपुस्तकं तिच्यावर चालली.

मांडणी सुटसुटीत होती, पण तिचा पाया श्वसनाच्या अवयवावर होता. एखादा अवयव सारखा दिसतो म्हणून पूर्वज एकच असतो असं नाही. पाणथळ जागा आटत गेल्या, भरती-ओहोटीच्या पट्ट्यात राहणं भाग पडलं, तेव्हा निरनिराळ्या गोगलगायींनी हवा वापरण्याची सोय आपापल्या परीने केली.

याचा उत्तम दाखला म्हणजे तळ्यांत आणि भातखाचरांत आढळणारी पायला. भारतातल्या कित्येक पिढ्यांनी प्रयोगशाळेत तिचं विच्छेदन केलं. बैनी प्रशाद यांनी तिच्या शरीररचनेवर लिहिलेला ग्रंथ त्यासाठी आधारभूत मानला गेला. पायलाला कल्लाही असतो आणि फुप्फुसाची पिशवीही. पाण्यात ती कल्ल्याने श्वास घेते, पाणी कमी झालं की फुप्फुसाने. तरीही ती शंखी गोगलगायीच्या नात्यातली नाही. ती सीनोगॅस्ट्रोपोडा या उपवर्गातली आहे. देव्हाऱ्यातला शंख ज्या टर्बिनेला पायरम या सागरी प्राण्याचा, तोही याच उपवर्गातला. म्हणजे तळ्यातली पायला बांधावरच्या गोगलगायीपेक्षा देवघरातल्या शंखाला जवळची.

१९९७ साली विन्स्टन पाँडर आणि डेव्हिड लिंडबर्ग यांनी शरीररचनेच्या अनेक बारकाव्यांची तुलना करून जुने गट एका पूर्वजापासूनचे नाहीत हे दाखवून दिलं. २०१० साली काटरिना यॉर्गर आणि सहकाऱ्यांच्या डीएनए अभ्यासातून आणखी धक्का बसला : पूर्वी ओपिस्थोब्रँकियात ठेवलेले काही समुद्री प्राणी प्रत्यक्षात फुप्फुसवाल्यांच्या नात्यात निघाले. अशा रीतीने पल्मोनाटा आणि ओपिस्थोब्रँकिया दोन्ही जुन्या अर्थाने मोडीत निघाले.

आज गोगलगायींच्या, म्हणजे उदरपाद वर्गाचे सहा उपवर्ग मानले जातात : पॅटेलोगॅस्ट्रोपोडा, व्हेटिगॅस्ट्रोपोडा, नेरिटिमॉर्फा, निओम्फॅलिओनेस, सीनोगॅस्ट्रोपोडा आणि हेटेरोब्रँकिया. शंखी गोगलगाय, लेव्हिकॉलिस आणि गुरांच्या यकृतातल्या पर्णकृमीचा प्रसार करणाऱ्या लिम्निया गटातल्या पाणगोगलगायी हेटेरोब्रँकियात येतात.

गैरसमज ६ : गोगलगायी सगळ्याच उभयलिंगी असतात.

वस्तुस्थिती : नव्या वंशावळीवर नजर टाकली की हा प्रश्न सुटतो. हेटेरोब्रँकियातल्या बहुतेक गोगलगायी उभयलिंगी असतात, सीनोगॅस्ट्रोपोडातल्या बहुतेकांत नर-मादी वेगळे. म्हणून पायलात नर आणि मादी असतात. शंखी गोगलगायीत प्रत्येक प्राण्यात दोन्ही अवयव असतात. शिवाय एकदा मीलन झालं की ती शुक्राणू साठवून ठेवते आणि पुढे कित्येक महिने अंडी घालू शकते. मातीबरोबर एकच प्रौढ गोगलगाय नव्या शेतात पोहोचली तरी पुरे, हे त्यामुळेच. ‘दोन-चार दिसल्या, काही होत नाही’ असं म्हणून सोडून देणं परवडणारं नाही.

गैरसमज ७ : शेतात दिसेल ती गोगलगाय शत्रू, दिसेल तिथे मारा.

वस्तुस्थिती : मराठवाड्याच्या मातीत इथल्या मूळच्या गोगलगायीही आहेत. मॅक्रोक्लॅमिस वंशातल्या गोगलगायींचा शंख चपटा, पातळ, चकचकीत आणि शिंगासारख्या रंगाचा असतो. १९०८च्या ‘फॉना ऑफ ब्रिटिश इंडिया’च्या खंडात ब्लॅनफर्ड आणि गॉडविन-ऑस्टेन यांनी त्यांना झोनिटिडी कुळात ठेवलं होतं. आता त्या एरिओफँटिडी या आशियाई कुळात आहेत. इथल्या अनेक लहान गोगलगायी कुजलेला पाला, बुरशी आणि शेवाळ खाऊन पोषक द्रव्यं मातीत परत करतात.

ओळख न पटवता उपाय केला की काय होतं, हे प्रशांत महासागरातल्या बेटांवर दिसलं. शंखी गोगलगायीला आवर घालायला तिथे युग्लँडिना रोझिया ही शिकारी गोगलगाय आणली गेली. १९५५ साली हवाईत आणि १९७७ साली मोरिया बेटावर ती सोडली. तिने मोरियावरच्या मूळच्या पार्टुला गोगलगायींचा फडशा पाडला आणि काही वर्षांतच त्या तिथल्या रानातून नाहीशा झाल्या. शंखी गोगलगाय मात्र टिकून राहिली.

गैरसमज ८ : वर्गीकरण सतत बदलतं, म्हणजे शास्त्रज्ञांचंच ठरलेलं नाही.

वस्तुस्थिती : बदल पुराव्यांमागून आले. आधी हातात शंखाचा आकार होता, मग शरीररचना, मग भ्रूणाची वाढ, आता डीएनए. फिलिप बुशे आणि जाँ-पिएर रोक्रवा यांनी २००५ साली उदरपादांच्या कुळांची समग्र यादी प्रसिद्ध केली. २०१७ साली ती सुधारली, तेव्हा तिच्यात ७२१ कुळं होती : ४७६ आजची, २४५ फक्त जीवाश्मांतून माहीत असलेली. यादीत कुळ कुठे ठेवलं आणि का, हे कारणांसह लिहिलेलं असतं, म्हणून पुढच्या माणसाला ते तपासता आणि दुरुस्त करता येतं. ही शिस्तच विज्ञानाचं बळ आहे. थीले यांची १९३५ची मांडणी आजही जशीच्या तशी शिकवत राहणं हीच खरी चूक ठरेल.

शेतकऱ्याने या सगळ्यातून काय घ्यायचं? आधी ओळख, मग उपाय. मोठी, उभट, तपकिरी पट्ट्यांची गोगलगाय दिसली तर संध्याकाळी गुळाच्या पाण्यात भिजवलेली गोणपाटं बांधाकडेला ठेवावीत, सकाळी खाली जमलेल्या गोगलगायी हातमोजे घालून गोळा कराव्यात आणि साबणाच्या किंवा मिठाच्या पाण्याच्या बादलीत टाकाव्यात. मीठ शेतात टाकू नये, त्याने जमीन बिघडते. बांधाकडेने चुन्याची पट्टी, उन्हाळ्यात खोल नांगरणी आणि गरजेपुरत्या, झाकलेल्या मेटाल्डिहाइडच्या गोळ्या हेही उपाय आहेत. गोगलगाय उघड्या हाताने धरू नये : तिच्यात उंदरांच्या फुप्फुसातल्या कृमीच्या अळ्या असू शकतात आणि त्या माणसाच्या मेंदूपर्यंत पोहोचू शकतात.

आणि नांदेड-लातूरच्या महाविद्यालयांनी, कृषी विस्तार कार्यकर्त्यांनी आणि पत्रकं छापणाऱ्यांनी एवढं करावं : जुनं आणि नवं दोन्ही नावं छापावीत, शंखीचं आणि इथल्या निरुपद्रवी गोगलगायींचं चित्र शेजारीशेजारी द्यावं, आणि प्राणिशास्त्राच्या वर्गात तीन गटांची जुनी यादी शिकवताना ती का मोडली हेही सांगावं. मग पुढच्या खरिपात पहिल्या पावसानंतर बांधावर जाणाऱ्या शेतकऱ्याला समोरचा प्राणी कोण आहे हे ठाऊक असेल, आणि त्याचा पैसा आणि कष्ट नेमक्या जागी लागतील.