भाडेकरूने ‘मीच मालक’ म्हटले की कोर्ट फी वाढते?

बल्लारपूरच्या वस्ती विभागात एखाद्या गाळ्याच्या भाड्यावरून वाद पेटला, की चहाच्या टपरीवर सल्ला देणाऱ्यांची कमी नसते. सल्लाही ठरलेला: ‘कोर्टात एवढंच सांग, जागा माझीच आहे. मग मालकाला गाळ्याच्या पूर्ण किमतीवर कोर्ट फी भरावी लागेल. तो आपोआप गार पडतो!’

हा सल्ला साफ चुकीचा आहे. तरीही तो ऐकून भाडेकरू निर्धास्त राहतो आणि घरमालक विनाकारण धास्तावतो.

कोर्ट फी ठरते ती वादीने वादपत्रात काय मागितले आणि कशाच्या आधारावर मागितले, यावरून. प्रतिवादी आपल्या कैफियतीत काय म्हणतो, याचा तिच्याशी संबंध नाही. सर्वोच्च न्यायालयाने सथप्पा चेट्टियार खटल्यात 1958 सालीच हे स्पष्ट केले आहे. 2022 मध्ये भारत भूषण गुप्ता खटल्यात त्याच न्यायालयाने पुन्हा सांगितले, की मूल्यांकनासाठी मागितलेल्या दादेचे स्वरूप पाहायचे. जागेचा बाजारभाव मोठा आहे एवढ्यावरून काही ठरत नाही. साठ-पासष्ट वर्षांत कायदा बदलला नाही, टपरीवरचा सल्लाही बदलला नाही!

आता हिशेब पाहू. महाराष्ट्रात 1959 च्या कोर्ट फी कायद्यानुसार, भाडेकरूकडून ताबा मागणाऱ्या दाव्याचे मूल्यांकन आधीच्या एका वर्षाच्या देय भाड्यावर होते. समजा, गाळ्याचे भाडे महिना 4,000 रुपये आहे. मग ताब्याच्या दाव्याचे मूल्यांकन 48,000 रुपये. गाळ्याची किंमत 30 लाख असली आणि भाडेकरूने दहा वेळा ‘मीच मालक’ म्हटले, तरी हा आकडा हलत नाही. थकीत भाडे मागितले असेल, तर त्याची फी तेवढी वेगळी.

उलट मालकीचा हा दावा भाडेकरूच्याच अंगलट येऊ शकतो. ज्याच्याकडून जागा भाड्याने घेतली, तो भाडेपट्टा सुरू होताना मालक नव्हता, असे भाडेकरूला म्हणता येत नाही. पूर्वीच्या पुरावा कायद्याचे कलम 116 हे बंधन भाडेकरार चालू असेपर्यंत घालत होते. 1 जुलै 2024 पासून लागू झालेल्या भारतीय साक्ष अधिनियमाचे कलम 122 ते भाडेकरार संपल्यानंतरही घालते. विदर्भात ‘जागा नझूलची आहे, म्हणजे सरकारची, मग हा कसला मालक?’ हा युक्तिवादही हमखास ऐकू येतो. जागा नझूलची असली, तर मालकीचा तो वाद सरकार आणि घरमालक यांच्यातला. भाडे देत आलेल्या माणसाला त्याचा फायदा घेता येत नाही.

इथे एक गोष्ट मात्र घरमालकाने लक्षात ठेवायला हवी. मालक-भाडेकरू हे नातेच सिद्ध झाले नाही, तर दावा पडतो. भाडेकरारावर आधारलेल्या दाव्यात न्यायालय मालकीच्या आधारावर ताब्याचा हुकूम देऊन मोकळे होत नाही. मग मालकीवर आधारित वेगळा दावा करावा लागतो आणि तिथे घराच्या बाजारभावावर फी लागते. फक्त मालकी जाहीर करून मागितली, तर तिच्या एक चतुर्थांश. सोबत ताबाही हवा असेल, तर पूर्ण. वादी स्वतः काय मागतो, यावरच हे सारे ठरते.

बाकीचे गैरसमज थोडक्यात.

‘फी कमी पडली की दावा फेटाळला जातो.’ नाही. न्यायालय आधी मूल्यांकन दुरुस्त करायला आणि उरलेली फी भरायला मुदत देते. ती पाळली नाही, तरच वादपत्र नाकारले जाते.

‘मोठ्या मालमत्तेत फी कोट्यवधींवर जाते.’ राज्यात कमाल मर्यादा 10 लाख रुपये आहे. जानेवारी 2018 पूर्वी ती 3 लाख होती.

‘जागा खाली करण्याच्या नोटिशीआधी रेंट कंट्रोलरची परवानगी लागते.’ 1949 च्या मध्य प्रांत-वऱ्हाड आदेशाखाली ती लागत असे. 31 मार्च 2000 ला महाराष्ट्र भाडे नियंत्रण कायदा लागू झाला आणि तो आदेश रद्द झाला.

‘लेखी करार नाही, म्हणजे भाडेकरूला हक्क नाही.’ करार लेखी व नोंदणीकृत करण्याची जबाबदारी घरमालकाची आहे. तो केलेला नसेल, तर अटींबाबत भाडेकरूचे म्हणणे धरले जाते. ते खोडून काढणे मालकाचे काम.

म्हणून घरमालकांनी भाड्याच्या पावत्या, बँकेतल्या नोंदी आणि करार नीट जपावेत. मालक-भाडेकरू नाते सिद्ध करायला तेच उपयोगी पडते. भाडेकरूंनी मालकीचा बनाव करण्याऐवजी भाडे वेळेवर भरावे. आणि वाद लोकअदालतीत मिटला, तर भरलेली कोर्ट फी परत मिळते.