सेकंदाचे चौदा शतांश
देवगाव रंगारीच्या तेजस शिरसेची अडथळा शर्यत आणि वेगवान शरीराचे विज्ञान

22 मे 2024. फिनलंडमधील युवास्कुला शहरात 110 मीटर अडथळा शर्यत 13.41 सेकंदांत संपली आणि भारताचा राष्ट्रीय विक्रम बदलला. विजेता होता छत्रपती संभाजीनगर जिल्ह्यातील देवगाव रंगारीचा तेजस शिरसे. त्याआधीचा 13.48 सेकंदांचा विक्रम मुंबईकर सिद्धांत थिंगलाया याने 2017 मध्ये नोंदवला होता. सात वर्षे टिकलेला विक्रम सेकंदाच्या सात शतांशांनी मोडला.

तरीही त्या उन्हाळ्यात तेजसला पॅरिस ऑलिम्पिकचे तिकीट मिळाले नाही. थेट पात्रतेची वेळ होती 13.27 सेकंद. म्हणजे कमी पडले ते सेकंदाचे चौदा शतांश. सरासरी वेगाने हिशेब केला तर हे अंतर मीटरभरापेक्षा थोडेच अधिक भरते. शर्यतीत अडथळे दहा असतात. फरक त्यांच्यात वाटून टाकला तर प्रत्येक अडथळ्यामागे सेकंदाचे चौदा सहस्रांश येतात. पापणी लवायला याच्या निदान सातपट वेळ लागतो.

इतका बारीक वेळ शरीरात नेमका कुठे वाचतो आणि कुठे वाया जातो? हा प्रश्न एका खेळाडूपुरता नाही. मराठवाड्यातील शाळांच्या मैदानांवर आज पळणाऱ्या प्रत्येक वेगवान मुलाचे आणि मुलीचे पुढे काय होणार, हे याच उत्तरात दडलेले आहे.

उडी नव्हे, लांबवलेले पाऊल

पुरुषांच्या शर्यतीतील अडथळा 106.7 सेंटीमीटर, म्हणजे साडेतीन फूट उंच असतो. पहिला अडथळा सुरुवातीच्या रेषेपासून 13.72 मीटरवर, पुढचे प्रत्येकी 9.14 मीटरवर आणि शेवटच्या अडथळ्यापासून अंतिम रेषा 14.02 मीटरवर. हे विचित्र आकडे यार्डांच्या जुन्या इंग्रजी मोजमापातून आले आहेत. 9.14 मीटर म्हणजे बरोबर दहा यार्ड.

पाहणाऱ्याला वाटते की खेळाडू अडथळ्यावरून उडी मारतो. उडी मारली की शर्यत हरलीच समजा. हवेत असताना वेग वाढवता येत नाही, वेग मिळतो तो फक्त पाय जमिनीला रेटतो तेव्हा. म्हणून चांगला खेळाडू अडथळ्याच्या सुमारे दोन मीटर अलीकडून झेपावतो, धड पुढे झुकवतो, पुढचा पाय ताणून अडथळ्यापलीकडे लगेच खाली आणतो आणि मागचा पाय कंबरेच्या बाजूने आडवा फिरवून पुढे काढतो. सगळी धडपड गुरुत्वमध्य शक्य तितका कमी वर उचलावा यासाठी असते. उभ्या माणसाचा गुरुत्वमध्य साधारणपणे त्याच्या उंचीच्या 55 ते 56 टक्क्यांवर असतो. 168 सेंटीमीटर उंचीच्या तरुणाचा तो सुमारे 93 सेंटीमीटरवर, तर 185 सेंटीमीटर उंचीच्या तरुणाचा सुमारे 103 सेंटीमीटरवर. उंच खेळाडूला दहा वेळा दहा-दहा सेंटीमीटर कमी उचलावे लागते. या शर्यतीत उंच मुले पुढे दिसतात ती त्यामुळे.

दोन अडथळ्यांच्या मध्ये तीन पावले टाकायची असतात, ना चार, ना अडीच. तेजससारख्या खेळाडूला एका अडथळ्यापासून दुसऱ्यापर्यंत जायला साधारण एक सेकंद लागतो. हा ताल नवव्या, दहाव्या अडथळ्यापर्यंत टिकवणे हीच खरी कसोटी. अडथळा पडला तर खेळाडू बाद होत नाही, पण तो पाडायला किलोभर नव्हे, साडेतीन किलोहून अधिक बळ लागते. तेवढा धक्का बसला की ताल बिघडतो आणि वाचवलेले सगळे शतांश एका क्षणात जातात.

तेरा सेकंदांचे इंधन

इतक्या कमी वेळात श्वासातून घेतलेला प्राणवायू स्नायूंच्या फारसा कामी येत नाही. पहिल्या काही सेकंदांत स्नायूंत साठवलेले फॉस्फोक्रिएटिन वापरले जाते. तो साठा वेगाने आटतो आणि मग प्राणवायूविना साखर जाळून ऊर्जा मिळवली जाते. हे काम प्रामुख्याने वेगाने आकुंचन पावणारे स्नायुतंतू करतात. ते ताकदवान असतात, पण लवकर थकतात.

यातून नेहमीचा प्रश्न येतो: वेग जन्मजात असतो का? काही अंशी, हो. वेगवान तंतूंमध्ये अल्फा-ॲक्टिनिन-3 नावाचे प्रथिन असते. जगातील सुमारे सहापैकी एका माणसात ते तयारच होत नाही, आणि अव्वल दर्जाच्या वेगवान धावपटूंमध्ये अशी माणसे फार क्वचित सापडतात. याच धाग्यावरून जमैकाच्या यशाचे गुपित जनुकांत आहे, असे बरेच दिवस बोलले गेले. पण संशोधकांनी जमैकाचे नामवंत धावपटू आणि तिथलीच सामान्य माणसे यांची तुलना केली, तेव्हा या जनुकाच्या प्रमाणात लक्षणीय फरक दिसला नाही. म्हणजे हे जनुक असणे फार तर दारापर्यंत नेते. आत जायला दुसरेच काही लागते.

जमैका आणि आपला जिल्हा

ते दुसरे काय, हे समजायला एक साधी तुलना पुरेशी आहे. जमैकाची लोकसंख्या सुमारे 28 लाख. 2011 च्या जनगणनेनुसार आपल्या एकट्या जिल्ह्याची लोकसंख्या 37 लाख. तरीही 110 मीटर अडथळा शर्यतीत जमैकाच्या ओमर मॅकलिऑडने 2016 च्या रिओ ऑलिम्पिकमध्ये सुवर्ण जिंकले, टोकियोत हान्सल पार्चमेंटने 13.04 सेकंदांत तेच केले आणि पॅरिसमध्ये रशीद ब्रॉडबेलने कांस्य मिळवले.

जमैकात 1910 पासून शालेय मुलांची मैदानी स्पर्धा भरते. लोक तिला नुसते ‘चॅम्प्स’ म्हणतात. किंग्स्टनचे राष्ट्रीय स्टेडियम शाळकरी मुलांच्या शर्यतींसाठी गच्च भरते. बारा-तेरा वर्षांच्या पोराचा वेग कुणाच्या तरी नजरेत येतोच आणि मग त्याला प्रशिक्षक, शाळा, पुढे विद्यापीठ अशी वाट मिळते. आपल्याकडे वेगवान मुले कमी आहेत, असे मानायला काहीच आधार नाही. ती वेळेवर दिसत नाहीत आणि दिसली तरी दहावी-बारावीच्या वळणावर मैदान सोडतात.

तेजसची वाट त्या वळणावर थांबली नाही. त्याला पुढे भुवनेश्वरच्या उच्च कामगिरी केंद्रात ब्रिटिश प्रशिक्षक जेम्स हिलियर यांचे मार्गदर्शन मिळाले. महिलांच्या 100 मीटर अडथळा शर्यतीत आशियाई विजेती ठरलेली ज्योती याराजी याच गुरूची शिष्या. महाराष्ट्राकडून खेळताना तेजसने 2023 च्या गोवा राष्ट्रीय स्पर्धेत सुवर्ण जिंकले. 2025 च्या सुरुवातीला युरोपातील इनडोअर हंगामात 60 मीटर अडथळा शर्यतीचा राष्ट्रीय विक्रमही त्याने आपल्या नावावर केला. त्याच वर्षी सप्टेंबरमध्ये टोकियोच्या जागतिक स्पर्धेत तो उतरला. प्राथमिक फेरीपुढे जाता आले नाही. पण पॅरिसला हुकलेली जागतिक मंचावरची सुरुवातीची रेषा त्याने तिथे गाठली.

अडथळा उंच होतो तेव्हा

बरीच मुले कनिष्ठ गटात चमकतात आणि विशीत दिसेनाशी होतात. अडथळा शर्यतीत याला एक ठोस कारण आहे. 18 वर्षांखालील मुलांसाठी अडथळा 91.4 सेंटीमीटरचा असतो, 20 वर्षांखालील गटात 99.1 चा आणि खुल्या गटात 106.7 चा. अंतर मात्र तिन्ही गटांत तेच, 9.14 मीटर. म्हणजे दोन-तीन वर्षांत तोच मुलगा त्याच अंतरात सहा इंच अधिक उंच अडथळा ओलांडू लागतो. शरीराची ताकद आणि नितंबाच्या सांध्याची लवचिकता त्या गतीने वाढली नाही, तर भरपाई मांडीच्या मागच्या स्नायूला करावी लागते.

हाच तो हॅमस्ट्रिंग, वेगवान धावपटूचा सर्वांत नाजूक बिंदू. पाय पुढे झेपावून जमिनीला टेकण्याच्या क्षणभर आधी हा स्नायू एकाच वेळी ताणलाही जात असतो आणि पायाला ब्रेकही लावत असतो. बहुतेक वेळा तो फाटतो तो नेमका याच क्षणी. दुखणे थांबले म्हणजे जखम भरली असे होत नाही. घाईने परतलेल्या खेळाडूचा तोच स्नायू पुन्हा फाटण्याचा धोका मोठा असतो. गुडघे टेकून, घोटे जोडीदाराकडून धरून ठेवत, धड हळूहळू पुढे झुकवण्याचा ‘नॉर्डिक’ व्यायाम नियमित केला तर ही दुखापत बरीच टाळता येते, हे अनेक अभ्यासांनी दाखवले आहे. त्याला ना यंत्र लागते, ना फी.

दुखापत कुणालाही सोडत नाही. शेजारच्या बीड जिल्ह्यातील मांडव्याचा अविनाश साबळे हा 3000 मीटर स्टीपलचेसमधला भारताचा सर्वांत मोठा खेळाडू. जुलै 2025 मध्ये मोनॅकोच्या शर्यतीत पडून त्याच्या गुडघ्याचा अस्थिबंध तुटला आणि शस्त्रक्रिया करावी लागली. अशा दुखापतीनंतर पूर्ण वेगाने धावायला साधारण नऊ महिने ते वर्ष जाते.

वाढत्या हाडांची भाषा

तेरा ते सोळा या वयात हाडे वेगाने लांब होतात, स्नायू मात्र मागे राहतात. हाडांच्या टोकाशी असलेल्या, डॉक्टर ज्यांना ग्रोथ प्लेट म्हणतात त्या जागा तेव्हा मऊ कूर्चेच्या असतात. स्नायूची ओढ तिथेच बसते. गुडघ्याच्या वाटीखाली दुखरा उंचवटा येणे हे याचे नेहमीचे लक्षण. या वयात झटक्याने धावताना बसण्याच्या हाडाजवळ ‘कट्’ असा आवाज होऊन तीव्र वेदना झाली, तर स्नायूने हाडाचा तुकडा ओढून तोडलेला असू शकतो. अशा वेळी तेल लावून चोळणे चुकीचे. एक्स-रे काढायलाच हवा.

दुसरा प्रश्न ताटातला. सकाळी उपाशीपोटी मैदान, मग शाळा, संध्याकाळी पुन्हा मैदान असा दिवस काढणाऱ्या मुलाला खर्चाइतके खाणे मिळाले नाही, तर शरीर वाढ आणि दुरुस्ती या दोन्ही कामांतून कपात करते. मुलींमध्ये पाळी लांबणे किंवा थांबणे हा त्याचा इशारा आहे. ‘खेळते म्हणून होत असेल’ असे म्हणून तो सोडून देऊ नये, कारण त्याच सुमारास हाडेही ठिसूळ होत असतात. लोहाची कमतरता असेल तर सराव वाढवूनही वेळ सुधारत नाही. हिमोग्लोबिनची साधी तपासणी ते सांगते.

उपाय महाग नाहीत. ज्वारी-बाजरीची भाकरी, डाळ, मोड आलेली मटकी, शेंगदाणे, फुटाणे, दूध, चालत असेल त्या घरी अंडी आणि जेवणात लिंबाची फोड. लिंबातील क जीवनसत्त्वामुळे धान्य-भाजीतील लोह अधिक शोषले जाते, तर जेवणाबरोबरचा चहा ते अडवतो. चमच्याने विकल्या जाणाऱ्या पावडरींची या वयात बहुतेकांना गरज नसते. त्यांच्यात न लिहिलेले उत्तेजक द्रव्य सापडले तर नकळत घेतले म्हणूनही बंदीतून सुटका होत नाही. आणि स्टेरॉइडची सुई वाढत्या वयात घेतली तर ग्रोथ प्लेट वेळेआधी बंद होऊन उंचीच खुंटते. अडथळा शर्यतीत उंचीचे मोल काय, ते वर आलेच आहे.

तिसरी गोष्ट झोप. किशोरवयात आठ ते दहा तास झोप लागते. मराठवाड्याच्या उन्हाळ्यात पारा चाळिशीपार जातो, तेव्हा सराव पहाटे लवकर होतो. मग रात्री मोबाइल लवकर बाजूला ठेवणे हा सरावाचाच भाग ठरतो.

गारखेड्याच्या विभागीय क्रीडा संकुलात किंवा तालुक्याच्या मातीच्या मैदानावर आज एखादी मुलगी वर्गातल्या सगळ्यांपेक्षा पुढे पळत असेल. तिची वेळ कुणीतरी घड्याळ लावून वहीत लिहायला हवी, तिचा दुखरा गुडघा कुणीतरी पाहायला हवा आणि परीक्षेच्या वर्षात आठवड्याचे दोन-तीन दिवस तरी मैदान चालू राहायला हवे. देवगाव रंगारीतून युवास्कुलापर्यंत वाट जाते, हे आता सिद्ध झाले आहे. 13.41 हा आकडाही कधीतरी मोडेल. तो मोडणारा मुलगा आज शाळेत असेल, तर त्याच्या मांडीचा स्नायू आणि रात्रीची झोप सांभाळणे हे काम त्याच्या घरचे, शाळेचे आणि गावाचे आहे.

पालक आणि क्रीडाशिक्षकांसाठी

• बारा-तेराव्या वर्षापर्यंत एकाच खेळात अडकवू नका. खो-खो, कबड्डी, जिम्नॅस्टिक यांतून चपळाई आणि तोल दोन्ही येतात.
• आठवड्यात निदान एक दिवस पूर्ण विश्रांती द्या.
• सरावाआधी दहा-पंधरा मिनिटे हलके धावणे व हालचालीचे व्यायाम करून घ्या.
• लंगडत धावणारे मूल थांबवा. वेदनाशामक गोळी देऊन शर्यतीत उतरवू नका.
• अडथळ्याची उंची मुलाच्या शरीराप्रमाणे टप्प्याटप्प्याने वाढवा.
• दर सहा महिन्यांनी उंची, वजन आणि हिमोग्लोबिन नोंदवा. उंची झपाट्याने वाढत असेल त्या काळात उड्यांचा सराव कमी करा.